टीव्हीची नटी, डबिंगचा आवाज: रोमची पद्धत आणि अंधेरीचं बूथ

इटलीतल्या एखाद्या टीव्ही अभिनेत्रीचा परिचय वाचायला घेतला की मालिका आणि नाटकांच्या शेजारी आणखी एक यादी हमखास दिसते: हिने कोणाकोणाला आवाज दिला. ही यादी तिकडे अभिमानाने छापली जाते. मारिया पिया दि मेओ हे नाव इटालियन प्रेक्षकाला ऑड्री हेपबर्न आणि मेरिल स्ट्रीप या दोघींचा आवाज म्हणून पाठ आहे. रोझेत्ता कालावेत्ता म्हणजे मॅरिलिन मन्रो. रीता साव्हान्योने म्हणजे एलिझाबेथ टेलर. आपल्याकडे, मुंबईत, याच कामाला अजून 'मधल्या दिवसांत करतो थोडं डबिंग' अशा सुरात बोललं जातं. मराठी मालिकांत काम करणाऱ्या मुली अंधेरीच्या स्टुडिओत येतात तेव्हा त्यांच्यात अभिनय भरपूर असतो, पण त्याच्या भोवतीची पद्धत त्यांना कोणी शिकवलेली नसते. ती पद्धत रोममध्ये गेली नव्वद वर्षं घासूनपुसून तयार झालेली आहे, आणि तिच्यातलं बरंच काही उद्या सकाळच्या शिफ्टला वापरता येण्यासारखं आहे.

तिकडे ती रुजली कशी, ते आधी थोडक्यात. बोलपट आले तेव्हा इटलीत मुसोलिनीची राजवट होती. १९३० मध्ये परकीय भाषेतले संवाद असलेल्या चित्रपटांना प्रदर्शनाची परवानगी नाकारायला सुरुवात झाली. काही काळ चित्रपट संवाद कापून, मध्ये पाट्या टाकून दाखवले गेले. १९३२ मध्ये रोममध्ये डबिंगचा स्टुडिओ उभा राहिला, आणि १९३३ च्या हुकुमाने डबिंग इटलीतच झालं पाहिजे असं बंधन आलं. राजवट गेली, डबिंग राहिलं. १९४४ मध्ये कलाकारांनी स्वतःची सहकारी संस्था काढली आणि पुढची कित्येक वर्षं हॉलिवूडचे मोठे तारे याच मंडळींच्या तोंडून बोलले.

दुसरं कारण त्यांच्या स्वतःच्या चित्रपटांचं. इटलीत शूटिंगच्या वेळचा आवाज फारसा वापरतच नसत, सगळं नंतर भरायचं. त्यामुळे पडद्यावर चेहरा एकीचा आणि आवाज दुसरीचा हे सर्रास चाले. अभिनेत्री क्लाउदिया कार्दिनाले ट्युनिसमध्ये फ्रेंच बोलत वाढल्या होत्या. सुरुवातीच्या इटालियन चित्रपटांत त्यांचा आवाज दुसऱ्यांचा आहे. स्वतःचा आवाज पहिल्यांदा ऐकू आला तो १९६३ मध्ये, दिग्दर्शक फेलिनींच्या 'ओट्टो ए मेझ्झो'मध्ये. मुंबईला हे परकं वाटायचं कारण नाही. 'लगान' (२००१) नंतर थेट ध्वनिमुद्रणाचं प्रमाण वाढलं, पण त्याआधी आपले बहुतेक हिंदी-मराठी चित्रपट डबिंगच्या खोलीतच बोलते झाले. फरक इतकाच की आपले नट बहुधा स्वतःचेच ओठ भरत.

आता कारकीर्द. इटलीत नियमित टीव्ही प्रसारण ३ जानेवारी १९५४ ला सुरू झालं. त्या पहिल्या दोन दशकांत राई या सरकारी वाहिनीवर कादंबऱ्यांवर आधारित मालिका व्हायच्या, त्यांना 'शेनेज्जातो' म्हणत. त्यात दिसणाऱ्या अनेक नट्या आकाशवाणीवरच्या श्रुतिकांसारख्या रेडिओ नाटकांतून आणि रंगभूमीवरून आलेल्या, आणि उरलेल्या वेळात डबिंगच्या माइकसमोर उभ्या. काही तर शाळकरी वयात, लहान मुलांचे आवाज देत शिरलेल्या. सुरुवात बहुधा 'ब्रूझियो'पासून, म्हणजे गर्दीचा गलका. मुंबईत आपण त्याला नुसतं 'क्राउड' म्हणतो. मग दोन वाक्यांची नर्स, टेलिफोन ऑपरेटर, दुकानातली बाई. मग दुय्यम पात्र. मग एखाद्या परदेशी नटीची कायमची वाटणी. आणि आवाज पिकला, नजर तयार झाली की डबिंगचं दिग्दर्शन. यात टीव्ही आणि डबिंग अशा दोन वेगळ्या वाटा नाहीत. कॅमेऱ्यासमोरचं वय मावळलं तरी माइकसमोरचं वय चालू राहतं, म्हणून तिकडच्या अभिनेत्री साठीतही नायिका बोलतात.

कामाचा पुरवठा मात्र टीव्हीने वाढवला. १९७८ मध्ये 'हायडी' आणि 'गोल्डरेक' ही जपानी कार्टून्स आली, पाठोपाठ खासगी वाहिन्या, ब्राझीलच्या मालिका, अमेरिकन सोप. 'द बोल्ड अँड द ब्युटिफुल' इटलीत १९९० पासून डब होऊन चालू आहे. चित्रपट रोममध्ये राहिले, कार्टून आणि जाहिरातींचं बरंच काम मिलानला गेलं. आपल्याकडे हे सगळं एकाच पट्ट्यात आहे: वर्सोवा, आरामनगर, ओशिवरा, वीरा देसाई रोड. मालिकेचं शूटिंग गोरेगावच्या फिल्मसिटीत नाहीतर ठाण्याच्या घोडबंदरला, डबिंग अंधेरीत. मराठी नटांनी इथे आपली ताकद दाखवलेलीही आहे. २०२१ मध्ये श्रेयस तळपदे झी मराठीच्या 'माझी तुझी रेशीमगाठ'चे नायक होते आणि त्याच वर्षी 'पुष्पा'च्या हिंदी आवृत्तीत अल्लू अर्जुनचा आवाज. 'बाहुबली'चा हिंदी प्रभास म्हणजे शरद केळकर. मेघना एरंडे यांचा निंजा हातोरी तर एका अख्ख्या पिढीच्या कानात आहे. ही तिन्ही उदाहरणं हिंदी डबिंगची आहेत हे लक्षात घ्या. मराठीत डब झालेली मालिका ऐकताना मात्र पाच मिनिटांत कळतं की हे भाषांतर आहे. याचा दोष आवाज देणाऱ्यांकडे क्वचितच जातो.

दोष कुठे जातो ते रोमच्या खोलीत कोण कोण असतं ते पाहिलं की समजतं. संहिता बेतणारा लेखक, डबिंग दिग्दर्शक, सहायक, ध्वनितंत्रज्ञ आणि कलाकार. सहायकाचं काम ओठांवर नजर ठेवणं आणि कामाचं वेळापत्रक बांधणं. काम चालतं ते 'तुर्नो'मध्ये, म्हणजे तीन तासांच्या पाळीत. चित्रपटाचे तुकडे पाडलेले असतात, त्यांना 'अनेल्लो' म्हणतात, म्हणजे कडं. फिल्मच्या काळात तो तुकडा कापून त्याची दोन टोकं जोडत आणि प्रोजेक्टरवर तो फिरत राही, कलाकार तो पुन्हा पुन्हा पाहून बोले. आता फिल्म गेली तरी कामाची मोजदाद कड्यांतच होते. सहायक कडी अशी रचतो की एका कलाकाराचं काम शक्यतो सलग येईल आणि आरडाओरड्याची दृश्यं शेवटी पडतील.

मुंबईत मराठी डबिंगच्या खोलीत पुष्कळदा दोनच माणसं असतात: कलाकार आणि रेकॉर्डिस्ट. रेकॉर्डिस्टच ओठ पाहतो, तोच अभिनय पास करतो, वाक्य बसत नसेल तर तोच कात्री लावतो. एका कानाने आवाजाची पातळी आणि दुसऱ्याने भाव, असं कोणालाही जमणार नाही. खर्चात दोनच माणसं परवडत असतील तर तिसरं माणूस निदान पहिल्या भागापुरतं तरी आणा आणि पात्रांचे सूर तेव्हा ठरवून घ्या. प्रत्येक पात्राची पास झालेली एक मिनिटाची क्लिप वेगळी ठेवून द्या. पुढच्या वेळी त्या पात्राचं काम सुरू करताना आधी ती ऐकवायची. हे केलं नाही तर बाराव्या भागातली सासू पहिल्या भागातल्या सासूपेक्षा दहा वर्षांनी लहान वाटते, आणि मग सगळं परत भरावं लागतं.

संहितेकडे जरा जास्त वेळ थांबू, कारण काम तिथेच बिघडतं. इटालियन मालिका मराठीत यायची तर ती बहुधा इंग्रजी उपशीर्षकांवरून येते, कधी हिंदीवरून. उपशीर्षक वाचण्यासाठी आखूड केलेलं असतं, त्यात हुंकार, अर्धवट वाक्यं, 'अगं', 'हं' गळलेले असतात. पडद्यावर ओठ हलतात आणि आपल्या कागदावर शब्दच नाही, असं होतं. म्हणून मूळ भाषेतली संवादयादी मागायचीच. भाषा येत नसली तरी ती देवनागरीत उच्चारासह लिहून समोर असली की ओठ कुठे मिटतात ते दिसतं.

एक वाक्य घेऊ: 'नोन मे लास्पेत्तावो'. अर्थ, मला हे अपेक्षित नव्हतं. अक्षरांचे ठोके सहा: नोन, मे, लास, पेत, ता, वो. दुसऱ्या ठोक्याला म, चौथ्याला प, म्हणजे ओठ दोनदा पूर्ण मिटतात. 'मला याची अजिबात अपेक्षा नव्हती' हे भाषांतर बरोबर आहे, पण त्याचे ठोके बारा होतात. नटी दुप्पट वेगाने बोलेल किंवा ओठ थांबल्यावरही बोलत राहील. 'असं वाटलं नव्हतं' सहा ठोक्यांत बसतं, पण ओठ मिटत नाहीत. पात्र लांब उभं असेल किंवा पाठमोरं असेल तर हेच घ्यावं. क्लोजअप असेल तर 'हे माझ्या मनी नव्हतं' घेऊन पाहा: सात ठोके, पण दुसऱ्या आणि चौथ्या ठोक्याला म नेमका येतो, आणि शेवटचा 'नव्हतं'मधला व तिकडच्या 'वो'ला जाऊन मिळतो. एक ठोका जास्तीचा आहे, तो 'माझ्या' पटकन उच्चारून भरून निघतो. वाक्याला जरा जुना वास येतो, त्यामुळे आजीच्या तोंडी शोभेल, कॉलेजातल्या मुलीच्या तोंडी नाही. अशी निवड प्रत्येक वाक्याला करावी लागते. म्हणून बेतणाऱ्याला वेळ आणि पैसे दोन्ही द्यावे लागतात.

प, फ, ब, भ, म ही पाच अक्षरं आधी जुळवायची, मग 'आ' आणि 'ओ'सारखी मोठी तोंडं, मग वाक्याची लांबी. मराठी क्रियापद शेवटी टाकते आणि 'आहे'ने तोंड उघडं ठेवून संपवते. समोरच्या नटीचे ओठ मिटून संपत असतील तर 'आहे' काढून टाकायचं. 'तो घरी आहे' ऐवजी 'घरीच बसलाय तो' म्हटलं की शब्दक्रम फिरतो आणि बोलणंही माणसासारखं होतं. इटालियन संहितेत पात्र पडद्याबाहेर असेल तिथे एफसी, पाठमोरं असेल तिथे डीएस अशा खुणा असतात. आपणही समासात 'बाहेर', 'पाठ', 'श्वास' असं लिहावं. पाठमोऱ्या वाक्यांत लेखकाला मोकळीक मिळते. क्लोजअपमध्ये न मावलेली माहिती तिथे सरकवता येते.

बोलीचा प्रश्न यापेक्षा अवघड. 'माय फेअर लेडी'मध्ये (१९६४) नायिका एलायझाची लंडनी बोली इटालियनमध्ये कशी आणायची? त्यांनी तिला इटलीच्या दक्षिणेकडची ढब दिली, आणि उच्चार सुधारण्याच्या त्या प्रसिद्ध ओळीत स्पेनमधल्या पावसाच्या जागी बेडूक आणला. बोलल्या त्या मारिया पिया दि मेओच. आपल्याकडे याच मुळाशी, म्हणजे बर्नार्ड शॉ यांच्या 'पिग्मॅलियन' नाटकाशी, पु. ल. देशपांडे गेले होते. १९७५ च्या 'ती फुलराणी'त भक्ती बर्वे यांची मंजुळा ज्या मराठीत भांडते ती कुठल्याही शब्दकोशातून आलेली नाही. भक्तीताई दूरदर्शनवर बातम्या वाचत, म्हणजे शुद्ध उच्चार हातचा होता, तरी मंजुळेची जीभ त्यांनी कमावली. डबिंग करणाऱ्या मुलींनी हे नाटक मोठ्याने वाचावं, एकदा मंजुळेचं आणि एकदा सुधारलेल्या मंजुळेचं. मात्र सिसिलीच्या मासेविक्यावर सरसकट मालवणी चढवायची आणि मिलानच्या वकिलावर पुणेरी, असं करू नका. प्रेक्षकाला ते गाव दिसायला लागतं आणि इटली नाहीशी होते. शब्द साधे ठेवायचे आणि फरक लयीत दाखवायचा.

आता माइकसमोर. मालिकेत कॉलर माइक असतो आणि सहकलाकार समोर. बूथमध्ये, म्हणजे रेकॉर्डिंगच्या बंद खोलीत, तुम्ही एकट्या. समोर पडदा, कानात मूळ आवाज. हेडफोन एका कानावर घट्ट आणि दुसऱ्या कानावरून सरकवलेला ठेवा, नाहीतर स्वतःच्या आवाजाची पट्टी सुटते. नॉयमन यू ८७ सारख्या मोठ्या डायफ्रामच्या माइकपासून तोंड २० ते ३० सेंटिमीटरवर असावं, मध्ये 'प', 'फ'चा फुत्कार अडवणारा पॉप फिल्टर. कुजबुजताना थोडं पुढे, ओरडताना मागे आणि जरासं तिरपं. कागद हातात धरू नका. मान खाली गेली की आवाज माइकच्या अक्षातून निसटतो आणि त्या वाक्याची धार बोथट होते, नंतर कितीही मिक्सिंग केलं तरी ती येत नाही. स्टँड डोळ्यांच्या उंचीवर, पडद्याच्या अगदी लगत.

रंगभूमीवरून आलेल्यांची नेहमीची अडचण म्हणजे शिवाजी मंदिरच्या शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकायची सवय. बूथमध्ये तो भिंतीवर आपटून परत येतो. पातळी अशी लावा की सगळ्यात मोठा शब्दही मीटरवर उणे ६ डेसिबलच्या वर जाणार नाही. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. बांगड्या, झुमके, सिंथेटिक ओढणी, कडक कांजीची साडी बाहेर ठेवून या. उपाशी पोटी येऊ नका, पोटाची गुरगुर माइक टिपतो. आणि बारा तासांच्या शूटिंगनंतर रात्री डबिंग घेऊ नका, घशावरची सूज ऐकू येते. शक्यतो सकाळी घ्या, पण उठल्याबरोबर नाही. आवाज मोकळा व्हायला दोन तास तरी लागतात.

सुरुवात बीपवर होते. सारख्या अंतराने तीन बीप, चौथ्याच्या जागी वाक्य. नवशिक्या बीप संपण्याची वाट बघतात, मग श्वास घेतात, आणि उशीर होतो. श्वास दुसऱ्या आणि तिसऱ्या बीपच्या मध्ये घ्यायचा, आणि पडद्यावरची नटी श्वास घेताना दिसत असेल तर तो तिच्याच जागी, ऐकू येईल असा. आवाज चित्राआधी आला तर प्रेक्षकाला फार लवकर खटकतं. दूरसंचार क्षेत्रातल्या आंतरराष्ट्रीय शिफारशीनुसार ४५ मिलिसेकंद आधी आलेला आवाज लक्षात येतो, पण उशीर १२५ मिलिसेकंदांपर्यंत खपतो. सेकंदाला २५ फ्रेमच्या चित्रात एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची. म्हणजे एका फ्रेमने आधी चालेल, दोन फ्रेमने आधी अजिबात नाही, दोन फ्रेमने उशिरा चालून जातं. शंका असेल तेव्हा वाक्य किंचित मागे सरकवा.

इटालियन टीव्हीचं चित्र २५ फ्रेमचं असतं, ओटीटीकडून येणारं पुष्कळदा २४ चं. सत्र उघडताना हे तपासलं नाही तर २५ वर भरलेला दहा मिनिटांचा आवाज २४ च्या चित्रासमोर पंचवीस सेकंदांनी चुकतो. सुरुवातीची दोन-तीन वाक्यं जुळलेली दिसतात, म्हणून चूक उशिरा सापडते. फाइल आल्या आल्या शेवटच्या मिनिटातलं एक वाक्य लावून पाहा.

संगीत आणि इतर ध्वनीचा ट्रॅक वेगळा येतो. त्यात पावलं, दारं, गाड्या असतात, पण माणसाच्या घशातून निघालेलं काहीच नसतं. हुंदका, खोकला, चढताना लागलेली धाप, चुंबन, घास खाताना बोलणं, सगळं तुम्हीच द्यायचं. चुंबन स्वतःच्या मनगटाच्या मागच्या बाजूवर. घासासाठी पावाचा छोटा तुकडा गालात. कुरकुरीत काहीही नको, त्याचा आवाज शब्दावर चढतो. शेवटी प्रत्येक कलाकाराने अख्खा भाग नुसत्या श्वासांसाठी एकदा धावता पाहावा. हे टाळलं की पात्रं बोलतात पण जगत नाहीत, आणि प्रेक्षकाला नेमकं काय खटकतंय ते सांगता येत नाही.

पावसाळ्यात मुंबईतल्या लहान स्टुडिओंची परीक्षा असते. एसी बंद केला की बूथ पंधरा मिनिटांत तापतं, चालू ठेवला की घरघर येते. तुकडे लहान घ्या, मध्ये हवा खेळवा. पत्र्यावरचा पाऊस शांत दृश्यात ऐकू येतो. अशा दिवशी बाजाराची, भांडणाची दृश्यं आधी उरका आणि कुजबूज रात्रीवर टाका. रोज सुरुवातीला बूथची अर्ध्या मिनिटाची शांतता रेकॉर्ड करून ठेवा, जोडांमध्ये भरायला लागते.

एका परदेशी नटीला एकच आवाज, ही इटलीची रीत. फेर्रुच्चो आमेंदोला रॉबर्ट डी नीरो आणि अल पचिनो दोघांनाही बोलत. १९९५ च्या 'हीट'मध्ये दोघे समोरासमोर आले. आमेंदोलांनी डी नीरो घेतला आणि पचिनो जानकार्लो जान्निनी यांच्याकडे गेला. मराठीत ही वाटणी अजून तोंडी असते. दुसऱ्या सीझनला वेगळीच मुलगी येते आणि प्रेक्षक गोंधळतो. पहिल्या सीझनच्या करारातच पुढच्या सीझनला आधी विचारणा व्हावी अशी ओळ घाला.

करारात आणखी काय? तिकडे मोबदला पाळीप्रमाणे आणि ओळींप्रमाणे ठरतो, आणि तो राष्ट्रीय करारात लिहिलेला असतो. तरी २०२३ मध्ये तिथल्या डबिंग कलाकारांना संप करावा लागला, आणि कृत्रिम बुद्धिमत्तेपासून आवाजाचं रक्षण हा त्यातला मोठा मुद्दा होता. मुंबईत असोसिएशन ऑफ व्हॉइस आर्टिस्ट्स ऑफ इंडिया आहे, तिच्याशी जोडून राहा. आणि सही करण्याआधी चार गोष्टी कागदावर आहेत का पाहा: एका बैठकीचे तास, संहिता बदलल्यामुळे परत बोलावलं तर त्याचे वेगळे पैसे, श्रेयनामावलीत मराठी आवाज म्हणून नाव, आणि हे रेकॉर्डिंग याच मालिकेपुरतं, त्यावरून यंत्राला आवाज शिकवता येणार नाही असं स्पष्ट वाक्य. शेवटचं वाक्य बऱ्याच छापील करारांत नसतं. उलट 'सर्व माध्यमांत, कायमस्वरूपी, ज्ञात व अज्ञात तंत्रज्ञानासह' असं असतं. तिथे पेनाने रेघ मारून, बाजूला सही करून घेतल्याशिवाय बूथमध्ये जाऊ नका.